बोबडे बोल सुधारताना

मूल बोलू लागले की सगळ्या घरालाच नवी वाचा फुटल्यासारखे होते. ‘काका’चा ‘ताता’ होतो, ‘गाडी’ची ‘दाली’ होते, ‘राम’ ‘लाम’ होतो, आणि ‘शाळा’ कधी ‘ताला’ तर कधी ‘छाला’ होऊन बसते. आजी-आजोबा हे बोल आल्यागेल्याला कौतुकाने ऐकवितात. मोठी माणसेही त्याच बोबड्या भाषेत मुलाशी बोलू लागतात. दोन-अडीच वर्षांच्या वयाला हे सारे शोभून दिसते. पण तेच मूल चार-पाच वर्षांचे होते, बालवाडीत जाऊ लागते, आणि एके दिवशी वर्गातील मुले त्याच्या ‘लाम’ची नक्कल करतात. मग घरच्या कौतुकाची जागा काळजी घेते. ‘नीट बोल’, ‘जीभ वळव’, ‘पुन्हा म्हण’ असा धोशा सुरू होतो. काल ज्या शब्दाला सगळे टाळ्या वाजवीत होते, त्याच शब्दाला आज सगळे का रागावतात, हे मुलाला उमगत नाही. अशा वेळी पुष्कळ मुले एक साधा मार्ग पत्करतात. ती तो शब्द टाळतात, आणि हळूहळू बोलणेच कमी करतात.

वाचकहो, उच्चारातील दोष बहुधा सुधारतो. पण बोलण्याची गेलेली हौस परत आणणे फार कठीण असते. म्हणून अवघड वर्ण मुलाकडून कसे म्हणवून घ्यावेत ह्याचा विचार करताना, त्याची ही हौस आधी सांभाळावयाची हे आपण आरंभीच मनाशी पक्के करू या.

वाट किती पाहावी?

सगळे वर्ण मुलाला एकाच वेळी साधत नाहीत. प, ब, म हे ओठांचे वर्ण. ते आईच्या तोंडाकडे पाहून दिसतातही, म्हणून ते आधी येतात. त, द, न हेही लवकर साधतात. क आणि ग जिभेच्या मागच्या भागाचे. ते किंचित उशिरा येतात. स, श, र, ळ ह्यांना जिभेची फार नेमकी हालचाल लागते, म्हणून ते बहुधा शेवटी येतात. जगातील २७ भाषांमधील मुलांच्या अभ्यासांचा एक एकत्रित आढावा २०१८ साली प्रसिद्ध झाला. बहुतेक व्यंजने मुलांना पाच वर्षांच्या सुमारास साधलेली असतात, असे त्यात दिसून आले. तेव्हा तीन वर्षांच्या मुलाने ‘रस्ता’ला ‘लस्ता’ म्हटले तर त्यात भिण्यासारखे काही नाही.

वर्णांची गणना करीत बसण्यापेक्षा एक सोपी कसोटी लक्षात ठेवावी. परक्या माणसाला आपल्या मुलाचे बोलणे कितपत कळते? साधारणपणे दुसऱ्या वर्षी निम्मे कळावे, तिसऱ्या वर्षी पाऊण, आणि चौथे वर्ष पुरे होता होता जवळजवळ सर्व कळावे. काही चुका राहिल्या तरी चालतील. पण बोलणे कळले पाहिजे. आईला सगळे कळते ही कसोटी नव्हे, कारण आई शब्दापेक्षा मुलालाच अधिक ओळखत असते.

आधी कान, मग जीभ

जीन बर्को आणि रॉजर ब्राउन ह्या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी १९६० साली एक गमतीची नोंद केली. एक मूल आपल्या खेळण्यातल्या माशाला ‘फिश’ न म्हणता ‘फिस’ म्हणत असे. मोठ्या माणसाने ‘हा तुझा फिस का?’ असे विचारताच ते मूल ठासून ‘नाही’ म्हणाले. ‘फिश’ म्हटल्यावर मात्र त्याने आनंदाने मान डोलाविली, आणि स्वतः पुन्हा ‘फिस’च म्हणाले. आपल्याही घरी असे घडते. ‘लाम आला का?’ असे आपण विचारले की मूल चिडून म्हणते, ‘लाम नाही, लाम!’

ह्यातून दोन बोध घ्यावयाचे आहेत. पहिला असा, की मुलाला आपला शुद्ध उच्चार नीट ऐकू येत असतो, म्हणून त्याच्याशी बोबडे बोलण्याची मुळीच गरज नाही. दुसरा असा, की स्वतःच्या तोंडून निघालेला वर्ण आणि कानांनी टिपलेला वर्ण ह्यांतील अंतर त्याला अजून कळलेले नसते. म्हणून जिभेचे शिक्षण सुरू करण्यापूर्वी कानाचे शिक्षण करावे.

ह्यासाठी शब्दांच्या जोड्या फार उपयोगी पडतात. र आणि ल ह्यांसाठी रात–लात, रस–लस, तार–ताल. क आणि त ह्यांसाठी काप–ताप, कळ–तळ. ट आणि त ह्यांसाठी टाक–ताक. स आणि श ह्यांसाठी साल–शाल. ल आणि ळ ह्यांसाठी वेल–वेळ, माल–माळ. प आणि फ, ग आणि घ ह्यांसाठी पळ–फळ, गर–घर. ज्यांची चित्रे काढता येतील त्यांची काढावीत. ज्या वस्तू घरात असतील त्या समोर मांडाव्यात. आपण शब्द उच्चारावा आणि मुलाने बोट दाखवावे. मुलाने अजून काहीच म्हणावयाचे नाही. चार दिवसांनी डाव उलटावा. मूल गुरुजी होईल आणि आपण शिष्य. आपण मुद्दाम चुकावे, ‘मी लोज आंघोळ कलतो’ असे म्हणावे, आणि त्याने आपली चूक पकडावी. मोठ्यांची चूक पकडण्यात मुलांना जो आनंद होतो, त्याच्या जोरावर कान लवकर तयार होतो.

अर्थात ह्यासाठी कान निर्दोष असला पाहिजे. वरचेवर सर्दी होणे, कान फुटणे, कानात पाणी साठणे ह्यांमुळे ऐकू येणे कमी-अधिक होते, आणि स, श ह्यांसारखे बारीक आवाजाचे वर्ण मुलापर्यंत पोहोचतच नाहीत. मूल दूरचित्रवाणीचा आवाज फार मोठा ठेवीत असेल, पाठीमागून हाक मारल्यावर वळत नसेल, ‘काय?’ असे सारखे विचारीत असेल, तर उच्चारांच्या मागे लागण्यापूर्वी कान तपासून घ्यावेत. आता नवजात अर्भकाचेही श्रवण तपासता येते. तेव्हा ‘मूल अजून लहान आहे’ ही सबब राहिलेली नाही.

वर्णमाला हाच मुखाचा नकाशा

शिकविण्याचे साधन मात्र दूर शोधावयास नको. आपली वर्णमाला नुसती अक्षरांची यादी नाही. तो मुखाचा नकाशा आहे. क-वर्ग कंठाजवळचा, च-वर्ग टाळूचा, ट-वर्ग मूर्ध्याचा, त-वर्ग दातांचा, आणि प-वर्ग ओठांचा. घशापासून ओठांपर्यंत पायरी-पायरीने बाहेर येत जाणारा असा हा क्रम आहे. मूल ‘काका’ऐवजी ‘ताता’ म्हणते तेव्हा ते आळस करीत नसते. त्याची जीभ ह्या नकाशावर एका ठिकाणाऐवजी दुसऱ्या ठिकाणी पोचलेली असते. तिला योग्य ठिकाण दाखवावयाचे, एवढेच आपले काम.

प्रत्येक वर्गातील क्रमही तितकाच अर्थपूर्ण आहे. क आणि ग ह्यांतील फरक घशाच्या कंपाचा. मुलाचा हात आपल्या गळ्यावर ठेवून ‘क’ आणि ‘ग’ म्हणावे. ‘ग’च्या वेळी होणारी गुणगुण त्याच्या बोटांना कळते. क आणि ख, प आणि फ ह्यांतील फरक श्वासाचा. पातळ कागदाची पट्टी तोंडासमोर धरावी. ‘प’ला ती जेमतेम हलते, ‘फ’ला फडफडते. जे कानाला सूक्ष्म वाटते ते डोळ्यांना आणि बोटांना चटकन पटते.

पाणिनीय शिक्षेत उच्चाराला एक सुंदर उपमा दिलेली आहे. वाघीण आपली पिले दातांत धरून नेते. पिलू खाली पडू देत नाही आणि त्याला दातही लागू देत नाही. वर्णही असेच उच्चारावेत, असे तेथे सांगितले आहे. मला वाटते, हीच उपमा शिकविणाऱ्या आईबापांनाही लागू पडते. पकड सुटू द्यावयाची नाही, आणि दातही लागू द्यावयाचे नाहीत.

काही अवघड वर्ण

एका वेळी एकच वर्ण घ्यावा. दिवसातून दोनदा पाच-पाच मिनिटे पुरेत. समोर आरसा असावा, म्हणजे मुलाला आपले आणि स्वतःचे तोंड शेजारी-शेजारी दिसेल.

क आणि ग: येथे जिभेचे टोक विनाकारण वर उठते. मुलाने आ करावा आणि जिभेचे टोक खालच्या दातांमागे टेकवून ठेवावे. लागल्यास स्वच्छ चमच्याच्या दांड्याने ते हलकेच खाली धरावे आणि मग ‘क’ म्हणावयास सांगावे. पाठीवर निजून म्हटल्यास जीभ आपोआप मागे सरते. गुळण्या करण्याचे सोंग केले तर ‘ग’चे ठिकाण सापडते.

स आणि श: ‘श’ साधा, कोणी झोपले असता आपण बोटाने खुणावून ‘शू’ करतो तोच हा आवाज. ओठ थोडे पुढे, जीभ थोडी मागे. ‘स’साठी दातांवर दात हलकेच ठेवावेत, जीभ त्यांच्या आत राहावी, आणि सायकलच्या चाकातून हवा निघून जाते तसा आवाज काढावा. मराठी मुलाला येथे आणखी एक वाट मोकळी आहे. आपल्या ‘चूक’ किंवा ‘चाक’ ह्या शब्दांतील दंततालव्य च म्हणजे त आणि स ह्यांचा मिलाफच होय. तो ज्याला येतो, त्याला त्याचे शेपूट लांबवावयास सांगावे. ‘स’ आपसूक हाती येतो. सहा-सात वर्षांच्या सुमारास पुढचे दुधाचे दात पडतात तेव्हा ‘स’ काही दिवस बिघडतो. त्याची चिंता नको. पण हवा जिभेच्या दोन्ही बाजूंनी फुसफुसत निघत असेल, तर मात्र घरगुती उपाय न करता तज्ज्ञाला दाखवावे.

र: ‘ल’ म्हणताना जिभेचे टोक वरच्या दातांमागे टेकून राहते, ‘र’ म्हणताना ते क्षणभर टेकते आणि निसटते. सारा फरक ह्या निसटण्याचा आहे. मुलाला ‘द-द-द-द’ असे हलकेच आणि भरभर म्हणू द्यावे. वेग वाढला की मधूनच ‘र’सारखा ध्वनी उमटू लागतो. काही मुलांना सुट्या ‘र’पेक्षा ‘त्र’ आणि ‘द्र’ आधी साधतात. मोटारीचा, यंत्राचा आवाज काढण्याचा खेळही बरा. हा वर्ण हट्टी आहे. त्याला आठवडे नव्हे, कधी महिने द्यावे लागतात.

ळ आणि ण: दोन्ही वर्णांत जिभेचे टोक मागे वळून, जेथे ‘ट’ उच्चारतो तेथे लागते. लांबलचक ‘ल’ म्हणत म्हणत जिभेचे टोक टाळूवरून मागे सरकविले की ‘ळ’ सापडतो. ‘न’पासून ‘ण’ही तसाच. मराठीत शब्दाच्या आरंभी हे वर्ण येत नाहीत, म्हणून सराव बाळ, फळ, डोळा, केळे, पोळी, पाणी, लोणी अशा शब्दांचा असावा. मुलाच्या ताटातच निम्मा धडा वाढलेला असतो.

सुटा वर्ण साधला की लगेच वाक्यांवर उडी घेऊ नये. त्याची बाराखडी म्हणावी: रा, रि, री, रु, रू… प्रत्येक स्वराबरोबर जिभेला नव्याने वळण घ्यावे लागते, आणि तोच खरा व्यायाम. त्यानंतर सोपे शब्द, मग दोन शब्दांची जोडी, मग वाक्य, आणि शेवटी गोष्ट सांगणे. एक पायरी पक्की झाल्यावाचून पुढची चढू नये.

आणि सरावाची पाच मिनिटे संपली की शिकवणी संपली. जेवताना, खेळताना मूल काही सांगावयास आले तर त्याला अडवून उच्चार सुधारू नये. ‘बाबा, लेलगाली आली!’ असे ते म्हणाले तर ‘असे नाही म्हणायचे’ असे न म्हणता ‘हो, रेलगाडी आली! केवढी लांब रेलगाडी!’ असे म्हणावे. त्याच्या बातमीला उत्तर मिळाले आणि शुद्ध शब्द दोनदा कानांवरही पडला.

महाराष्ट्राबाहेरील मराठी मूल

आपल्या वाचकांपैकी कित्येक कुटुंबे दिल्ली, कोलकाता, भोपाळ अशा ठिकाणी राहतात. ‘आमचा मुलगा बाळला बाल म्हणतो, त्याची जीभ जड आहे का?’ अशी शंका तेथील आईबापांना येते. पुष्कळदा हा जिभेचा दोष नसतोच. प्रमाण हिंदीत ‘ळ’ नाही; बंगालीत ‘ण’ लिहितात, पण उच्चारताना तो ‘न’च होतो. जो ध्वनी दारात, शाळेत, बाजारात कोठेच ऐकू येत नाही, तो एकट्या आईबापांच्या तोंडूनच मुलाला शिकावा लागतो. उलट कन्नड, तेलुगू, तमिळ, मल्याळम, ओडिया, गुजराती बोलणाऱ्या शेजाऱ्यांच्या घरी त्याला ‘ळ’ सहज भेटतो.

येथेही कसोटी सोपी आहे. मुलाचा ‘र’ मराठीत आणि हिंदीत दोन्हीकडे बिघडत असेल तर प्रश्न जिभेचा. केवळ मराठीतला ‘ळ’च अडत असेल तर प्रश्न कानावर पडणाऱ्या भाषेचा. कॅनडात जॅनेट वर्कर आणि रिचर्ड टीस ह्यांनी १९८४ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात इंग्रजी घरांतील बाळांना हिंदीतील ‘ट’ आणि ‘त’ ऐकविले होते. सहा ते आठ महिन्यांच्या बाळांना त्यांतील फरक कळे; वर्षाच्या सुमारास मात्र ती शक्ती पुष्कळ ओसरलेली आढळली. आपल्या भाषेचे वर्ण मुलाच्या कानांवर पाळण्यापासून पडू द्यावेत, ते ह्यासाठी. दोन-तीन भाषा ऐकल्याने उच्चारात दोष येतो, ही समजूत मात्र निराधार आहे. त्या भीतीने घरातली मराठी सोडू नये.

तसेच बोलीला दोष समजू नये. वऱ्हाडातील घरात ‘डोळा’चा ‘डोया’ होतो. कित्येक घरांत ‘पाणी’ला ‘पानी’ म्हणतात. ती त्या घराची भाषा आहे. शाळेसाठी प्रमाण उच्चार जरूर शिकवावा. पण आजीच्या तोंडचा शब्द चूक, असे मुलाला कधीही सांगू नये.

तज्ज्ञाकडे केव्हा जावे?

दीड वर्षापर्यंत एकही अर्थपूर्ण शब्द न येणे, दोन वर्षांपर्यंत दोन शब्द जोडता न येणे, आलेले शब्द विसरणे, तिसऱ्या वर्षीही घरच्यांना बोलणे न कळणे, बोलणे नाकातून येणे किंवा प्यायलेले दूध नाकावाटे बाहेर येणे, अशी लक्षणे असतील तर वाट पाहू नये. पाच-सहा वर्षांनंतरही चुका टिकून राहिल्या तरी सल्ला घ्यावा. मूल अडखळत असेल, एकच अक्षर पुन्हा पुन्हा उच्चारीत असेल, तर तो प्रश्न वेगळा आहे. वरील व्यायाम त्यावर करू नयेत.

जिभेला वेखंड लावण्याची चाल अनेक घरांत आहे. त्याने जीभ शिकत नाही. मधाचे बोटही नको. एक वर्षाच्या आतील बाळाला मध देणे धोक्याचे असते. जिभेखालील बंध कापून घेण्याचीही घाई नको. जीभ ओठांबाहेर येत असेल आणि वरच्या दातांना लागत असेल, तर बोबडेपणाचे कारण बहुधा तो बंध नव्हे. तपासून तज्ज्ञाने सांगितले तरच ती शस्त्रक्रिया करावी.

हे तज्ज्ञ, ज्यांना लोक स्पीच थेरपिस्ट म्हणतात, आता अनेक मोठ्या रुग्णालयांत भेटतात. मैसूर येथे १९६५ साली अखिल भारतीय वाक्-श्रवण संस्था स्थापन झाली. मुंबईत वांद्रे येथे अली यावर जंग ह्यांच्या नावाची राष्ट्रीय संस्था १९८३ पासून ह्याच कार्यासाठी आहे. २०१३ साली सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात जन्मापासून अठरा वर्षांपर्यंतच्या मुलांची तपासणी अंगणवाड्यांतून आणि सरकारी शाळांतून केली जाते, आणि ऐकण्याच्या व भाषेच्या अडचणींचाही त्यात समावेश आहे. आरोग्यपथक गावात येईल तेव्हा ‘मुलाला ताप नाही, खोकला नाही’ म्हणून त्याला घरी ठेवू नका. त्याचे बोलणे त्यांना ऐकवा.

एक गोष्ट मात्र कोणत्याही तज्ज्ञाला तुमच्यासाठी करता येणार नाही. आठवड्यातून एकदा मूल त्याच्याकडे जाईल. उरलेले सहा दिवस ते तुमच्याजवळ असेल. त्या सहा दिवसांत त्याने ‘लेलगाली’ची बातमी घेऊन तुमच्याकडे धावत यावे, आणि तुम्ही हातातले काम बाजूला ठेवून ती पूर्ण ऐकावी. ज्याचे ऐकले जाते ते मूल बोलत राहते. आणि जे बोलत राहते, त्याच्या जिभेला आज ना उद्या ‘र’ची वाट सापडतेच.